काटेसाहेबांचे तेवीस किलो

“वीस म्हणजे वीस! वर एक पायमोजासुद्धा चालायचा नाही,” असं म्हणत काटेसाहेब जमिनीवर पालथे पडले आणि त्यांनी वजनकाट्याच्या तबकडीला नाक लावलं. काट्यावर मोठी बॅग उभी होती आणि ती पडू नये म्हणून बाईंनी तिला धरून ठेवलं होतं.

“अगं, सोड तिला! तू धरलंस तर वजन कसं कळणार?”

“सोडली तर तुमच्या डोक्यावर पडेल. मग चांगलं कळेल.”

काटेसाहेब हे काही त्यांचं खरं नाव नव्हे. वजनमापं खात्यात तेहेतीस वर्षं निरीक्षक म्हणून काढली, तेव्हा बाजारातल्या दुकानदारांनी ते त्यांना बहाल केलं होतं, आणि त्यात प्रेमाचा भाग बेताचाच होता. पारड्याखाली चिकटवलेला मेणाचा खडा साहेबांना दहा पावलांवरून दिसायचा. निवृत्त झाले तेव्हा कचेरीतल्या लोकांनी त्यांना एक किलोचं पितळी वजन भेट दिलं. ते साहेब दर रविवारी घासूनपुसून लख्ख करत. त्यांच्या पत्नीनं तेवढीच वर्षं शाळेत गणित शिकवलं, म्हणून अख्खी गल्ली त्यांना बाई म्हणायची. थोडक्यात, एकानं जगाची मापं तपासली आणि दुसरीनं जगाच्या बेरजा. अशा घरात बॅगेचं वजन चुकेल, असं कुणाच्या बापाला वाटलं नसतं.

दोघं चालले होते मुलीकडे. मुलगी पाच वर्षं परदेशात होती. नात दहा महिन्यांची झाली तरी आजीआजोबांनी तिला पाहिलं होतं ते फोनच्या काचेवरच. “आई, बाकी काही आणू नकोस, माझा घोडा तेवढा आण,” असं मुलीनं चारदा बजावलं होतं. बाईंचे वडील सुतार होते. नातीसाठी, म्हणजे याच मुलीसाठी, त्यांनी दाराच्या उरलेल्या लाकडातून डुलणारा घोडा केला होता, आणि त्याचा डावा कान तिनं दात येताना कुरतडून संपवला होता. आता तिच्या लेकीला दात येत होते आणि उजवा कान अजून शिल्लक होता. बाईंनी घोडा जुन्या चादरीत गुंडाळून आपल्या बॅगेत अगदी तळाला घातला होता.

साहेबांच्या बॅगेत होतं एक खोकं, आठ किलोचं. त्यात बाळाचं वजन करायचा काटा होता, पाळण्यासारख्या तबकासकट.

“तिथं काय काटे नसतील?” बाईंनी विचारलं होतं.

“असतील की. पण तपासलेत कुणी?”

विमानाचे नियम मुलीनं फोनवर दोनदा समजावले होते. “बाबा, नीट ऐका. एका माणसाला एक मोठी बॅग, तेवीस किलो. दोघांची बेरीज करायची नाही. एक बावीस आणि एक चोवीस असं चालत नाही. वर गेलं की पैसे, आणि ते भरमसाट असतात. तिकिटावर लिहिलंय सगळं, वाचा.”

नियम म्हटला की काटेसाहेबांच्या अंगावर मूठभर मांस चढायचं. त्यांनी तिकीट तीनदा वाचलं, खाली लाल रेघ ओढली आणि दुसऱ्या दिवसापासून गल्लीत शिकवणी सुरू केली. “लोक विमानतळावर फरशीवर बॅगा उघडून बसतात. चार-चार सदरे एकावर एक चढवतात. कशामुळे? घरी मोजायचा आळस! आमच्या बाबतीत हा प्रश्नच येत नाही.”

“पण काहो,” बाई बॅग सावरत म्हणाल्या, “नियम तेवीसचा आणि तुम्ही वीसवरच का अडलात?”

“तीन किलो राखीव. अनुभव आहे माझा.”

बाईंनी पुढे काही विचारलं नाही. एरवी त्यांनी एवढ्यावर सोडलं नसतं.

आता लपवण्यात अर्थ नाही, सांगूनच टाकतो. साहेबांच्या मनात चांदणं होतं. दीड वर्षापूर्वी बाईंचा शाळेत निरोप समारंभ झाला. त्याचा फोटो बघून बाई जे रुसल्या, ते घरातले सगळे आरसे त्यांनी भिंतीकडे तोंड करून ठेवले. दोन महिने अर्धपोटी राहिल्या तरी काटा जागचा हलेना. शेवटी एक दिवस साहेबांना राहवलं नाही. तेहेतीस वर्षं ज्यासाठी लोकांना दंड केला तेच पाप त्यांनी स्वतःच्या घरात केलं. काट्याच्या बुडाशी एक चाक होतं, ते त्यांनी गुपचूप फिरवलं आणि काटा तीन किलोंनी मागे नेला. रिकामा असताना काट्याला शून्याखाली जायची सोय नव्हती, तिथं एक अडसर होता. त्यामुळे तो कायम शून्यावर शहाण्यासारखा उभा असायचा, कुणाला संशय यायचं कारण नव्हतं. दुसऱ्या दिवशी बाई काट्यावर चढल्या आणि आनंदानं ओरडल्या. आरसे पुन्हा सरळ झाले. तेव्हापासून त्या काट्यावरचा कुठलाही आकडा वाचला की साहेब मनातल्या मनात त्यात तीन मिळवायचे. वीस अधिक तीन, तेवीस! हिशेब चोख होता.

दोन्ही बॅगा विसावर आल्या तेवढ्यात मुलीचा फोन आला.

“झालं मोजून? बाबा, तुमचं ते पितळी वजन ठेवून एकदा काटा तपासून घ्या की. जुना आहे तो.”

“काही गरज नाही!” साहेब आणि बाई एका सुरात म्हणाले, एकमेकांकडे न बघता.

आईबाबांचं इतक्या चटकन एकमत झालेलं मुलीनं जन्मात ऐकलं नव्हतं.

विमानतळावर सोडायला बाईंचा धाकटा भाऊ आपला टेम्पो घेऊन आला होता. “भाऊजी, मी कठड्याबाहेर थांबतो. काही परत न्यायचं झालं तर असावं कुणीतरी,” तो म्हणाला.

“कशाला थांबतोस? आपल्याकडे परत जाण्यासारखं काही नसतं,” साहेब म्हणाले आणि छाती काढून रांगेत उभे राहिले. त्यांच्या हातातल्या पिशवीत कागदपत्रं होती, औषधं होती आणि ते पितळी वजन होतं. त्याच्याशिवाय ते कुठंच जात नसत.

काउंटरवरच्या मुलीनं पासपोर्ट पाहिले आणि बॅग पट्ट्यावर ठेवायला सांगितलं. साहेबांनी ठेवली, आणि आकड्याकडे न बघता ते मुलीकडेच बघून मंद हसले. पेपर सोपा गेलेला विद्यार्थी बाईंना आठवला.

“काका, सत्तावीस.”

“तेवीस,” साहेबांनी दुरुस्ती केली.

“सत्तावीस आहे काका. दुसरी ठेवा.” दुसरी ठेवली. “हीसुद्धा सत्तावीस. प्रत्येकी चार किलो जास्त.”

साहेबांचं हसू मावळलं. पण डगमगेल तो निरीक्षक कसला! त्यांनी घसा साफ केला, चष्मा बदलला आणि मागच्या रांगेलाही ऐकू जाईल अशा आवाजात विचारलं, “या काट्याची शेवटची तपासणी कधी झाली? शिक्का कुठाय?”

“तुमच्या गुडघ्याजवळ आहे काका.”

साहेब वाकले. शिक्का होता. तारीख गेल्याच महिन्यातली होती. सही वळणदार होती आणि तिच्यात काही खोट निघेना.

“शिक्के काय, मारणारे मारतात,” असं पुटपुटत त्यांनी पिशवीतून पितळी वजन काढलं. “हातच्या कांकणाला आरसा कशाला? बॅग उतरवा. हे ठेवतो.”

“अहो, जाऊ द्या ना,” बाई हळूच म्हणाल्या. त्यांचा चेहरा उतरला होता.

“का जाऊ दे? सत्य आपल्या बाजूला आहे!”

सत्यानं पट्ट्यावर बसून एक किलो दाखवलं. ना ग्रॅम कमी, ना ग्रॅम जास्त. मागून कुणीतरी टाळी वाजवली.

काउंटरवरची मुलगी स्वभावानं बरी होती. तिनं न हसता जादा वजनाचे पैसे सांगितले. तो आकडा असा होता, की तेवढ्यात घोड्याला स्वतःचं तिकीट निघालं असतं, खिडकीजवळचं. “नाहीतर आठ किलो काढा. तिकडे बाजूला प्रवाशांसाठी काटा आहे, तिथं मोजून बॅगा पुन्हा लावा. पण वीस मिनिटांत हे काउंटर बंद होईल हं.”

आणि ज्या फरशीवर आळशी लोक बॅगा उघडून बसतात, त्याच फरशीवर साहेब आणि बाई बॅगा उघडून बसले.

“काय काढायचं?” बाईंचा हात चादरीतल्या घोड्यावर होता. तो साडेआठ किलोंचा होता. तो काढला की प्रश्न सुटत होता, आणि हे दोघांनाही कळत होतं. बाईंच्या डोळ्यांत पाणी आलं. “तिनं दुसरं काही मागितलं नाही हो. माझ्या बाबांच्या हातचं तेवढंच उरलंय.”

साहेबांना ते पाणी बघवेना. पण त्याहून मोठा भुंगा डोक्यात गुणगुणत होता. वीस अधिक तीन तेवीस. मग वरचे चार आले कुठून? ते ताडकन उठले आणि स्वतःच बाजूच्या काट्यावर चढले. घरचा काटा एकाहत्तर दाखवायचा. त्यात आपले तीन मिळवले, की चौऱ्याहत्तर. समोर आकडा आला अठ्ठ्याहत्तर.

“अगं! आपल्या घरच्या काट्याला कुणीतरी हात लावलाय!”

बाई चादरीतून डोकावणाऱ्या घोड्याच्या कानाकडे बघू लागल्या.

“बाई?”

“मी लावला,” बाई म्हणाल्या. “चार किलो मागे घेतला. डॉक्टरांनी तुम्हाला वजन उतरवायला सांगितलं, तेव्हा तुम्ही तीन महिने गवत खाल्ल्यासारखं तोंड करून जेवत होता. कुणाशी धड बोलत नव्हता. मला बघवेना. मग एका रविवारी फिरवलं चाक. तुम्ही चार किलो उतरले म्हणून गल्लीभर सांगत सुटलात. निवृत्त झाल्यापासून पहिल्यांदा हसलात हो तुम्ही.”

साहेब काट्यावरून खाली उतरले. अपराधी सापडला होता आणि तो आपण नव्हतो, या आनंदानं त्यांची मान ताठ झाली.

“माझ्या घरात खोटा काटा! तेहेतीस वर्षं मी या हातानं दंडाच्या पावत्या फाडल्या! मापात पाप म्हणजे...”

“थांबा,” बाई म्हणाल्या. वर्गात कॉपी पकडताना यायचा तोच आवाज आला होता. “माझी बेरीज ऐका. घरी काटा वीस दाखवत होता. माझे चार धरून चोवीस. मी म्हटलं, एका किलोसाठी कोण अडवतंय, म्हणून गप्प बसले. पण इथं सत्तावीस भरले. हे तीन कुणाचे?”

साहेब पिशवीत औषधं शोधू लागले.

“आणि नियम तेवीसचा असताना तुम्ही नेमके वीस का धरलेत? तीनच का राखीव? अडीच का नाहीत?”

“अनुभव...”

बाई काट्यावर चढल्या. घरी अठ्ठावन्न दिसायचे. त्यात आपले चार मिळवून बासष्ट, असं त्या मनाशी धरून होत्या. इथं पासष्ट आले. त्या खाली उतरल्या आणि नवऱ्यासमोर उभ्या राहिल्या. दिव्याखालचा अंधार एवढ्या लख्ख उजेडात पहिल्यांदाच दिसत होता.

“तो फोटो बघून तू रडली होतीस,” साहेब खाली बघत म्हणाले. “आरसे फिरवून ठेवलेस. मला दाढी करायला जागा उरली नाही, आणि... आणि मला ते बघवेना.”

“म्हणजे दीड वर्षात मी ग्रॅमभरही उतरले नाही?”

“मीसुद्धा नाही.”

दोघं एकमेकांकडे बघत राहिले. आधी बाईंना हसू फुटलं. मग साहेबांना. हसता हसता बाई बॅगेवर बसल्या आणि बॅगेचं चाक मोडता मोडता वाचलं.

“पाच मिनिटं राहिली काका!” काउंटरवरून हाक आली.

साहेबांनी एकदा घोड्याकडे पाहिलं, एकदा बायकोकडे. मग त्यांनी आपल्या बॅगेत हात घातला आणि बाळाचा काटा खोक्यासकट बाहेर काढला.

“अहो, तो तुम्ही किती हौसेनं...”

“राहू दे. घोड्यावर बसलेली नात बघायचीय मला. मोजायची नाही.” साहेबांनी बॅग बाईंकडे सरकवली. “आता गणित कर पटकन.”

“तुमची सत्तावीस, वजा आठ, एकोणीस. माझ्यातले चार किलो तुमच्यात टाका. तेवीस, तेवीस.” बाईंनी हिशेब होईतो कपड्यांचा गठ्ठा हलवलासुद्धा होता. काउंटरवरच्या काट्यानं त्यांना पैकीच्या पैकी गुण दिले, आणि बॅगा पट्ट्यावरून डुलत आत गेल्या.

बाईंचा भाऊ कठड्याबाहेर थांबलेलाच होता. साहेबांनी खोकं त्याच्या हातात दिलं. मग जरा घुटमळून पिशवीतलं पितळी वजनही काढलं आणि खोक्यावर ठेवलं. “हेही ने घरी. तिथं काही लागायचं नाही.”

भाऊ ते वजन तोलत म्हणाला, “भाऊजी, घराची चावी आहेच माझ्याकडे. तुम्ही येईपर्यंत हे वजन ठेवून घरचा जुना काटा नीट लावून ठेवू का? बिघडलेला दिसतोय.”

“काही गरज नाही!” साहेब आणि बाई एका सुरात म्हणाले. या वेळी मात्र दोघांनी एकमेकांकडे बघितलं.