अपॉप्टोसिसपदी बिनविरोध निवड

खापरडोह सहकारी दूध उत्पादक संस्थेची वार्षिक सर्वसाधारण सभा कोरमअभावी तहकूब झाली आणि नियमाप्रमाणे त्याच जागी, त्याच माणसांत, अर्ध्या तासाने कोरमची गरज नसलेली सभा म्हणून पुन्हा भरली. हा अर्धा तास म्हणजे संस्थेच्या कामकाजातला सगळ्यात कष्टाचा भाग. काहीही न करता नुसतं बसून राहावं लागतं, आणि संचालक मंडळ त्याचा सराव वर्षभर करत असतं.

खापरडोह लिंबागणेशच्या अलीकडे, मोठ्या रस्त्यापासून आत आहे. संस्था जुनी आणि संचालक तिच्याहून जुने. विजयसिंह आबा पहिल्या दिवसापासून चेअरमन. भागवतराव पहिल्या दिवसापासून ‘पुढच्या खेपेचे’ चेअरमन. रामहरीभाऊ सर्वांत ज्येष्ठ संचालक. ठराव वाचला जाताना त्यांचा डोळा लागे, पण ‘मंजूर’ म्हणायच्या वेळेला ते कधी चुकले नाहीत. हे सगळं कागदावर शोभेल अशा भाषेत उतरवायचं काम सचिव बंकटचं.

सभेपुढे खरा विषय एकच होता, आणि तो भामाबाईने मांडला. भामाबाईची एक देवणी गाय.

“आबा, दूध गार ठिवायची मिशन बंद पडलीया. संध्याकाळचं दूध सकाळी फाटतंय. आसंच चाललं तर दिवाळी झाली की मला पुना कोयता घिऊन उसाला जावं लागंल. माझे गुडघे न्हाईत आता त्या कामाचे.”

“भामाबाई, तुझा विषय लई महत्त्वाचा हाय,” आबा म्हणाले. “कावून घाईत उरकायचा? आधी मार्गदर्शन होऊ दे.”

मार्गदर्शनाला यायचे साहेब आले नव्हते. मग आबांनी सुट्टीवर आलेल्या आपल्या नातीला, प्रियदर्शनीला, माईकपुढे उभं केलं. पोरगी जीवरसायनशास्त्राची एम.एस्सी., बीडला कोचिंग क्लासात शिकवते. दुधाबद्दल तिला सांगण्यासारखं काही नव्हतं, म्हणून तिने आदल्या दिवशी वर्गात शिकवलेलं सांगितलं. पुढच्या सगळ्या प्रकाराला एवढंच कारण.

“शरीरातल्या पेशीला एक शहाणपण असतं,” ती म्हणाली. “आपलं काम संपलं, आपण बिघडलो, किंवा आपली अडचण व्हायला लागली, की निरोगी पेशी स्वतःहून मरते. कुणाला त्रास न देता. याला अपॉप्टोसिस म्हणतात. आईच्या पोटात आपले हात वल्ह्यासारखे सपाट असतात. बोटांच्या मधल्या पेशी बाजूला झाल्या, म्हणून आपल्याला बोटं आहेत.”

सगळ्या सभेने आपापले पंजे डोळ्यांपुढे धरून पाहिले. इतकं एकमत संस्थेत पूर्वी झालं नव्हतं.

“आन मेलेल्या पेशीचं पुढं काय व्हतं?” रामहरीभाऊंनी विचारलं.

“तिचे बारीक तुकडे होतात आणि शेजारच्या पेशी ते गिळून टाकतात.”

रामहरीभाऊंनी शेजारी पाहिलं. शेजारी भागवतराव बिस्कीट खात होते.

“मंजी ह्यो मला खाणार?”

“आत्ता न्हाई, भाऊ,” भागवतराव म्हणाले. “ठराव तर हुंद्या.”

आबा भारावून गेले. संस्थेत अपॉप्टोसिस राबवलाच पाहिजे, असं त्यांनी जाहीर केलं. टाळ्या पडल्या. मग कोणी करायचा हा प्रश्न निघाला आणि टाळ्या थांबल्या.

“मी तर कवाचाच तयार हाय,” आबा म्हणाले. “फक्त वरून सिग्नल आला पायजे.”

“आबा, सिग्नल कधीकधी आतून पण येतो,” प्रियदर्शनी म्हणाली.

“आतून मला आजवर कायबी आलेलं न्हाई, बाळा.”

एवढ्यात रामहरीभाऊंचा डोळा लागला. बंकटने तातडीने त्यांचं नाव वाचलं. नाव ऐकून भाऊ जागे झाले आणि सवयीने म्हणाले, “मंजूर.”

दुसऱ्या दिवशी फाट्यावर फ्लेक्स लागला: ‘मा. रामहरीभाऊ यांची अपॉप्टोसिसपदी बिनविरोध निवड झाल्याबद्दल हार्दिक अभिनंदन’. खाली शुभेच्छुकांचे फोटो, एक गॉगलवाला. ट्रॅक्टरवरून मिरवणूक निघाली. फेटा, शाल, श्रीफळ झालं. भाऊंचं बोट धरून सहकारात आलो, असं तीन सभासदांनी सांगितलं. त्यातले दोघे भाऊंपेक्षा मोठे होते. भाऊंना रडू आवरेना. भामाबाईचा विषय आनंदाच्या प्रसंगी नको म्हणून पुढच्या बैठकीवर गेला.

पुढच्या बैठकीला रामहरीभाऊ येऊन आपल्या खुर्चीत बसले.

“भाऊ, तुमी तर गेला ना?” बंकट चाचरत म्हणाला.

“गेलतो की. सत्कार घिऊन आलो.”

पेच मोठा होता. सत्कार परत घेता येत नाही, अशी तरतूद नसली तरी रीत आहे. अखेर भाऊंना ‘मार्गदर्शक संचालक’ करण्यात आलं, आणि त्यांच्या जाण्याने मंडळात निर्माण झालेल्या पोकळीत त्यांचा मुलगा सुग्रीव याला घेण्यात आलं. एक जण गेला, तेव्हा दोघं झाले. बंकटने इतिवृत्तात लिहिलं, ‘प्रक्रिया यशस्वी’.

मग भागवतराव उखडले. “मला कावून न्हाई अपॉप्टोसिस? मी काय कमी खस्ता खाल्ल्या संस्थेसाठी?”

त्यांनाही दिला. ते मार्गदर्शक झाले आणि त्यांच्या पोकळीत त्यांची दोन्ही मुलं बसली, कारण एकाला घेतलं तर घरात भांडण झालं असतं. हे पाहून उरलेले संचालक ओळीने पुढे आले. अपॉप्टोसिसला इतकी मागणी वाढली की ज्यांचा नंबर लागायचा होता त्यांनी ‘भावी अपॉप्टोसिस’ असे फ्लेक्स आधीच लावून घेतले. मार्गदर्शकांना सहमार्गदर्शक मिळाले, सहमार्गदर्शकांना स्वीय सहायक मिळाले. एकटे आबा तेवढे आपल्या जागी राहिले, कारण वरून सिग्नल येईना. ते अधूनमधून मोबाइल उंच धरून पाहत.

जागा पुरेना. आधी दूध मोजायचं टेबल ओसरीवर गेलं, मग फॅट काढायचं यंत्र, आणि शेवटी दूध गार करायची टाकी बाहेर बाभळीखाली गेली. तिच्या खोलीत खुर्च्या मांडल्या. खोली आधीच गार राहील अशी बांधलेली, त्यामुळे बैठका लांबू लागल्या.

भामाबाई रोज विचारायचीच. शेवटी बंकटने बीडहून मेकॅनिक बोलावला. पोरगा हुशार होता. बाभळीखाली बसून त्याने घटकाभरात बिघाड शोधला. आबांना त्याचं इतकं कौतुक वाटलं, की त्यांनी जागच्या जागी त्याला ‘तांत्रिक संचालक’ केलं. आता संचालकाने पाना हातात धरणं काही बरं दिसत नाही. तो आत येऊन बसला. मिशन तशीच राहिली.

गावातल्या ज्यांच्या घरी दुभतं होतं, ते हळूहळू सगळे संचालक झाले. संचालक झाल्यावर सकाळी किटली घेऊन खिडकीपुढे रांगेत उभं राहणंही बरं दिसेना, म्हणून त्यांनी दूध घालणं बंद केलं. शेवटी खिडकीच्या बाहेर एकटी भामाबाई उरली आणि आत सगळं गाव. तिच्या गाईचं दूध सकाळी संचालकांच्या पहिल्या चहाला जाई, संध्याकाळचं दुसऱ्या चहाला. टाकीत घालायला थेंब उरत नसल्यामुळे नासायचा प्रश्न कायमचा मिटला. ‘दूध नासण्याचे प्रमाण शून्य’ असा अहवाल वर गेला आणि वरून अभिनंदनाचं पत्र आलं. ते आबांनी उलटंपालटं करून पाहिलं. त्यात सिग्नल नव्हता.

दिवाळीच्या सुट्टीत प्रियदर्शनी आली तेव्हा बैठक चालू होती आणि संस्थेच्या दारात तिला आत शिरायला वाट मिळेना.

“आबा, हा अपॉप्टोसिस नाही. पेशी मरायचं नाकारतात आणि एकीच्या चार होत जातात, त्याला वेगळं नाव आहे.”

“काय नाव?”

“कर्करोग.”

आबा विचारात पडले. “फ्लेक्सवर बरं न्हाई दिसायचं, बाळा. जुनंच राहू दे.”

दारातून भामाबाईने विचारलं, “आन त्येचा शेवट काय व्हतो गं, बाई?”

“शरीर मरतं, मावशी. आणि त्याच्याबरोबर त्या पेशीही.”

“मग येवढं त्यांला कळंना व्हय?”

“प्रत्येकीला वाटतं, शरीर म्हणजे आपण सोडून बाकीचं सगळं.”

सगळ्या संचालकांनी माना डोलावल्या. वाक्य सगळ्यांना पटलं, आणि प्रत्येकाला वाटलं की शेजारच्याने ते लिहून घ्यायला हवं.

त्याच बैठकीत बंकटने एक गंभीर बाब पुढे आणली. आबा सोडले तर संस्थेत आता एकाच व्यक्तीचा अपॉप्टोसिस बाकी होता. तिच्या एकटीसाठी खिडकी उघडावी लागते, माप धुवावं लागतं आणि तीच एकटी वारंवार तक्रार करते. सबब, भामाबाईचा अपॉप्टोसिस करण्यात यावा. सगळ्यांनी सवयीने ‘मंजूर’ म्हटलं.

“आबा, अहो, ती एकटी धड पेशी आहे तुमच्यात!” प्रियदर्शनी ओरडली.

“म्हणून तर, बाळा. जायला माणूस धडच लागतं. आमच्यासारख्याला कुठं जाता येतं?”

सगळ्यांनी भामाबाईकडे पाहिलं. फाट्यावर मुकादमाचा ट्रक येऊन उभा होता. उसाला जाणाऱ्यांची भांडी-बोचकी त्यात चढत होती. तिथला कालवा आतपर्यंत ऐकू येत होता. भामाबाईने किटली खाली ठेवली.

“बंकट, आपापटोसीस झालेलं माणूस मंग बसतंय कुठं?”

“मार्गदर्शकांच्या रांगेत,” बंकट सवयीने बोलून गेला.

“त्येला बसायचा भत्ता आसतोय?”

“आसतोय की.”

“आन कोयता घिऊन उसाला जावं लागतंय का?”

“संचालक उसाला? काय बोलता, मावशी!”

“मग करा माझा. फेटा पन पायजे, आन गुलाबी पायजे. त्या रामहरीला बांधला तसा मळका नगं.”

ठराव एकमताने मंजूर होऊन गेला होता, म्हणून कुणाला बोलता येईना. ट्रक गेला. आठ दिवसांत भामाबाईने गाय आष्टीच्या बाजारात विकली, कारण संचालकाला गाईचं काय काम? आणि पुढच्या बैठकीला ती गुलाबी फेटा बांधून पहिल्या रांगेत बसली. गुडघ्यांना आराम पडल्याचं तिच्या चेहऱ्यावर दिसत होतं.

चहा आला. काळा होता.

“दूध?” आबांनी विचारलं. सगळं मंडळ एकमेकांच्या तोंडाकडे पाहू लागलं.

“आबा,” भामाबाई घसा खाकरून म्हणाली, “दूध ह्यो उत्पादकांचा विषय हाय. मंडळानं त्यात पडू नये.”

इतकी मुद्देसूद सूचना फार दिवसांत आली नव्हती. ती इतिवृत्तात घेण्यात आली.

मग जाहिरात निघाली: ‘दूध घालणारा सभासद पाहिजे, एक’. अर्जांचा ढीग पडला. आष्टीहून आले, बीडहून आले, पुण्यात नोकरीला असलेल्यांनीही पाठवले. दूध या विषयावर मार्गदर्शन करायची तयारी प्रत्येकाने दाखवली होती. जागा अजून रिकामीच आहे. तुम्ही इतका वेळ बसून वाचलंत, माणूस कळकळीचे दिसता, म्हणून सांगतो: गाय घेऊन आलात तर उद्या सकाळपासून घेतील.

नाही, अडचण समजली. फ्लॅटमध्ये गाय कुठे बांधणार? मग असं करा, एक फोटो तेवढा पाठवून द्या. बंकटला सांगून ‘भावी’मध्ये तुमचं नाव घालतो. फेट्यातला असेल तर बरं.