ओव्हन वरच्या मजल्यावर

घराची तपासणी दुपारी होती आणि व्हर्डेल मॅब्री सकाळपासून रांधत होत्या. तेही लेकीच्या चिमुकल्या स्वयंपाकघरात, जिथे रनीटाचं आठव्या महिन्याचं पोट आणि व्हर्डेलबाईंचा ऐसपैस देह एकाच वेळी मावत नव्हता.

“आई, ती बाई घर बघायला येतेय, जेवायला नाही,” रनीटा दारातूनच म्हणाली.

“उपाशी माणसाच्या हातून कधी चांगला शेरा पडलाय का? सरक, मला भांडं उचलू दे.”

मिसिसिपीत असताना व्हर्डेलबाईंच्या भाड्याचा मोठा वाटा सरकार भरत असे. त्यासाठी मिळालेलं व्हाउचर गाव बदललं तरी बरोबर नेता येतं, हे कळलं त्याच दिवशी त्यांनी खोकी बांधायला घेतली. लेकीने बाळंतपणाला माहेरी जावं ही जगाची रीत. पण डॉक्टरांनी रनीटाचा प्रवास बंद केला, तेव्हा माहेरच बाडबिस्तरा घेऊन उत्तरेला, लेकीच्या थंडगार डुलुथला आलं. आता इथल्या कचेरीने नवं घर तपासून पास करायचं होतं, आणि व्हाउचरची मुदत आजच संपत होती. घर नापास झालं तर व्हाउचर गेलं, आणि बाळ यायच्या आत आजीबाई परत मिसिसिपीत.

व्हाउचरचं नाव काढताच बऱ्याच घरमालकांना एकाएकी आपले पुतणे राहायला येणार असल्याचं आठवलं होतं. आर्ने हाउगेन तेवढे ‘बघू’ म्हणाले. ते स्वतः तळमजल्यावर एकटेच राहत आणि शब्द जपून वापरत. वरचा रिकामा मजला ते व्हर्डेलबाईंना देणार होते. पण सरकारी माणूस घरात येणार या विचाराने त्यांची झोप उडाली होती.

दुपारी व्हर्डेलबाई दोन्ही हातांत भांडी घेऊन त्या रिकाम्या मजल्यावर चढून आल्या, तेव्हा तिथे थांबलेल्या हाउगेनचा चेहरा पांढराफटक पडला.

“हे काय?”

“मॅकरोनी. आणि गोडाला पीचचा कॉब्लर. साहेबीणबाईंसाठी.”

“लाच!” हाउगेन कुजबुजले. “शिवाय पास व्हायच्या आधी इथे राहायचं नसतं. जेवण दिसलं तर त्यांना वाटेल, तुम्ही संसार मांडलाय. लपवा!”

तेवढ्यात खाली गाडी थांबली. व्हर्डेलबाईंनी जराही विचार केला नाही. त्यांच्याकडे बायका तवे, कढया, झाकणं, सगळं ओव्हनमध्येच ठेवतात. त्यांच्या आईचा ओव्हन म्हणजे निम्मं कपाटच होतं. त्यांनी दोन्ही भांडी प्लास्टिकच्या झाकणांसकट आत सरकवली आणि दार लावून घेतलं.

तपासनीस मिस व्हांग तरुण होत्या, नम्र होत्या आणि कुणाचंही ऐकणाऱ्या नव्हत्या. त्या थेट स्वयंपाकघरात गेल्या, शेगडीची चारही कॉइलं तापवून पाहिली, मग ओव्हनचं बटण शेवटपर्यंत फिरवलं. लाल दिवा लागला.

“तापू दे,” त्या म्हणाल्या. “तोवर बाकीचं बघू.”

व्हर्डेलबाईंनी हाउगेनकडे पाहिलं. हाउगेननी छताकडे पाहिलं.

“मी जरा पाणी पिऊन येते हं,” म्हणत व्हर्डेलबाई स्वयंपाकघराकडे वळल्या.

“एक मिनिट, हा दिवा लावता का? मिस्टर हाउगेन, तुम्ही नळ सोडा.”

दिवा झाला, नळ झाला. हाउगेन हळूच निघाले, तर त्यांना कमोडचं पाणी सोडायला सांगितलं. ते घाबरून सोडतच राहिले.

शेवटी सगळे झोपायच्या खोलीत आले. तिथली खिडकी रंग लागून घट्ट बसली होती. म्हणून हाउगेन तिच्यापुढे भिंतीसारखे उभे राहिले. मिस व्हांग त्यांना बाजूला व्हायला सांगणार, तोच धुराची घंटा किंचाळू लागली.

स्वयंपाकघरातून काळा धूर लोटला. “बाई गं!” म्हणून व्हर्डेलबाईंनी हाउगेनना कोपराने उडवलं आणि खिडकीला असा हिसका दिला की ती कडकडून उघडली. आयुष्यभर शाळेच्या भोजनगृहात पातेली उचलली होती त्यांनी. मिस व्हांगनी ओव्हन बंद केला. मग तिघंही मागच्या जिन्याने खाली धावले.

शेजारच्या कुणीतरी बंब बोलावला होता. धूर निघून गेल्यावर चार धिप्पाड जवान वरून आले. एकाच्या हातात कोळसा झालेला कॉब्लर होता.

“हा कुणाचा?” मिस व्हांगनी विचारलं.

“माझा,” व्हर्डेलबाई म्हणाल्या.

“माझा,” हाउगेनही म्हणाले. दोघं एकमेकांकडे बघतच राहिली. हाउगेन कान लाल करून पुढे म्हणाले, “लपवा असं मीच म्हटलं होतं. यांचा दोष नाही. घर मी यांनाच देणार आहे.”

एका दमात एवढं बोलून ते स्वतःच दचकले.

मिस व्हांगनी कागदावर नजर टाकली. “घंटा वाजते. खिडकी उघडते. मागचा जिना मोकळा आहे. पण ओव्हनमध्ये प्लास्टिक वितळून चिकटलंय. असा ओव्हन मला पास करता येत नाही. सॉरी. कचेरी बंद व्हायच्या आत दुसरा बसला, तर मी परत बघेन.”

व्हर्डेलबाई रस्त्याकडेच्या बर्फाच्या ढिगावरच बसल्या. शुक्रवारी दुपारी ओव्हन कोण आणून देणार? त्यांना लेकीचा चेहरा दिसू लागला आणि डोळे भरून आले.

“माझ्याकडे आहे,” हाउगेन म्हणाले.

“काय?”

“ओव्हन. माझ्या स्वयंपाकघरात.” मग ते जवानांकडे वळले. “तुम्हाला घाई आहे का?”

जवानांना घाई नव्हती. त्यांनी तळमजल्यावरचा ओव्हन शेगडीसकट उचलला आणि एखाद्या नवरदेवासारखा वाजतगाजत वर नेऊन जळक्या ओव्हनच्या जागी बसवला. वाजवायचं काम हाउगेनच करत होते: “कोपरा सांभाळा! रंग! रंग!” मिस व्हांगनी या वेळी आधी दार उघडून आत वाकून पाहिलं, मगच बटण फिरवलं. कागदावर सही झाली. व्हर्डेलबाईंनी त्यांना कडकडून मिठी मारली. ती परत करायची सोय नियमांत नव्हती.

संध्याकाळी व्हर्डेलबाई आणि रनीटा खोकी उघडत होत्या, तेवढ्यात दार वाजलं. बाहेर हाउगेन उभे होते. हातात बटाटे आणि खिमा रचलेलं एक भांडं होतं, अजून कच्चं.

“ओव्हन तुमच्याकडे आहे,” ते म्हणाले. “याला पाऊण तास लागतो. मी जिन्यात थांबतो.”

“जिन्यात? शोभतं का हे? आत या आधी.” व्हर्डेलबाईंनी भांडं हातातून घेतलं. “आमच्याबरोबरच जेवायचं. आणि खुर्च्या अजून आलेल्या नाहीत, त्या खोक्यावर बसा.”

हाउगेन अवघडून बसले. ओव्हन तापला, काचांवर वाफ धरली, खिम्याचा वास घरभर पसरला. व्हर्डेलबाईंना डुलुथ पहिल्यांदाच थोडं उबदार वाटलं.

“आणि उद्या काय करणार?” रनीटाने हसू दाबत विचारलं.

“उद्या मासा आहे,” हाउगेन म्हणाले.