आधी संडास दाखवा

सावेसाहेब कुठल्याही सरकारी इमारतीत शिरले की साहेब कुठे बसतात, खिडकी कोणती, असलं काही विचारत नाहीत. "आधी संडास दाखवा," म्हणतात. तेही खणखणीत आवाजात, चारचौघांत, आणि त्यातही बायकांचा. पालघरला आम्ही शेजारी राहतो, त्यामुळे त्यांच्याबरोबर जायचा प्रसंग वरचेवर येतो आणि मान खाली घालून उभं राहायचं काम माझ्या वाट्याला येतं.

गृहस्थ आर्किटेक्ट आहेत. पालघर-बोईसर पट्ट्यातल्या कितीतरी शाळा, दवाखाने, पंचायतींची कार्यालयं त्यांच्या हातची. नोकरीतून निवृत्त झाले, रागातून नाही. काचेच्या दर्शनी भिंती पाहिल्या की ते भडकतात, कोनशिलेवरची नावांची गर्दी वाचली की भडकतात. एरवी अगदी पुस्तकी बोलणारा माणूस, पण पारा चढला की भाषा थेट त्यांच्या गावी, चिंचणीच्या वाडीत जाऊन पोचते. "कुलूप का लावलंय? आत सोनं हाय?"

कारण बायकांच्या संडासाला कुलूप असतंच. चावी शिपायाकडे आणि शिपाई चहाला. एकदा मी माझ्या जमिनीच्या कामाला त्यांना बरोबर नेण्याचा मूर्खपणा केला. ते कुलपावरून इतका वेळ भांडले की खिडकी बंद झाली आणि माझं काम राहिलं ते राहिलंच. परतताना मी चांगलाच तापलो होतो. एवढं डोक्यात काय घेता, असं विचारलं, तर म्हणाले, "तुमी पुरुष. तुमाला भिंत पुरते." हे ऐकून मला आणखी राग आला.

परवा बोईसरजवळच्या एका गावात पंचायतीच्या नव्या इमारतीचं उद्घाटन होतं. जुने जाणते म्हणून साहेबांना बोलावणं आलं. त्यांच्या पत्नी, मालतीवहिनी, त्याही निघाल्या. गाडी माझी. वाटेतच मी हात जोडले, म्हटलं, आजच्या दिवस गप्प बसा. बरं म्हणाले. फीत कापली, नारळ फुटला आणि त्याचं पाणी सुकायच्या आत स्वारी गायब.

कुलूप होतंच. शिपाई म्हणाला, "चावी भाऊसाहेबांकडं हाय." भाऊसाहेब म्हणजे ग्रामसेवक, आणि ते व्यासपीठावर पाहुण्यांना शाल घालण्यात गुंतलेले. साहेब सरळ व्यासपीठावर चढले, शालीखालून हात घातला आणि चावी मागितली. दार उघडलं तर आत जुन्या कार्यालयातल्या प्लॅस्टिकच्या खुर्च्या, छतापर्यंत. मग या माणसाने एकेक खुर्ची उचलून मांडवात आणून मांडायला सुरुवात केली. पाहुणे विकासावर बोलत होते आणि मागे ताटकळलेली माणसं एकेक करून आनंदाने बसत होती. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"वहिनी, आवरा हो यांना," मी चिडून म्हणालो.

वहिनी हसल्या नाहीत. त्यांच्या मांडीवर पाण्याची बाटली होती, सील न फोडलेली. तिच्याशी चाळा करत त्यांनी मला हळू आवाजात सगळं सांगितलं. शिरगावच्या बाजूची एक शाळा ही साहेबांची पहिली इमारत, आणि वहिनी तिथेच शिक्षिका. वारा समुद्रावरून येतो, म्हणजे पश्चिमेकडून. वर्गांत वास नको म्हणून साहेबांनी संडास पूर्वेला नेला. हिशेब चोख होता. फक्त पूर्वेला रस्ता होता, रस्त्यापलीकडे पार होता आणि पारावर दिवसभर बाप्ये बसलेले. त्यांच्या डोळ्यांदेखत कुठली बाई ते दार उघडणार? वहिनींनी नोकरी संपेपर्यंत उघडलं नाही. शाळेत त्या पाणीच पीत नसत. संध्याकाळी घरी आल्या की उभ्यानेच तांब्या तोंडाला लावत. पुढे मुतखड्याने बेजार झाल्या, डॉक्टरांनी खोदून खोदून विचारलं, तेव्हा साहेबांनी ते शेजारच्या खुर्चीवर बसून ऐकलं.

"पण त्यांना आधीच का नाही सांगितलंत?"

"किती कौतुक होतं हो ह्यांना त्या शाळेचं," वहिनी म्हणाल्या. "येईल त्या पाहुण्याला दाखवायला न्यायचे."

घराबाहेर पाणी प्यायची सवय त्यांना पुढे लागलीच नाही. माझा राग जागच्या जागी होता, फक्त आता तो साहेबांवर राहिला नव्हता.

तेवढ्यात खुर्च्या संपल्या. साहेबांनी आत जाऊन नळ सोडून पाहिला, कडी लावून पाहिली आणि घामाघूम होऊन ते वहिनींसमोर येऊन उभे राहिले. त्यांचा आवाज इतका खाली आलेला मी कधी ऐकला नव्हता.

"मालती, पाणी पी."

"सगळी बघतात."

"बघू दे. मी दारात हाय."

वहिनींनी सील फोडलं आणि सावकाश, घोट घोट करत बाटली संपवली. भाषणं काही संपत नव्हती. आभार सुरू झाले तेव्हा त्या उठल्या. साहेब त्यांच्या पुढे चालत गेले आणि दाराकडे पाठ करून, हाताची घडी घालून, अख्ख्या मांडवाकडे डोळे वटारून उभे राहिले. शिपाई कुलूप घेऊन आला आणि त्यांचा चेहरा पाहून परत गेला.

मी उठलो, माझी खुर्ची फिरवली आणि त्या दाराकडे पाठ, रस्त्याकडे तोंड करून बसलो. शेजारच्यालाही तसंच बसायला सांगितलं.