पडत्या अक्षरांची पत्रिका

इतवारीत लग्नपत्रिका छापणाऱ्या चंपतरावांनी कॉम्प्युटर आणला, तेव्हा लोक चपला बाहेर काढून तो बघायला आत येत. माणूस हिमतीचा, यात वाद नाही. सगळी गल्ली छपाईचे शिशाचे खिळे जुळवत बसली असताना यांनी पडद्यावर पत्रिका काढायचं ठरवलं. फक्त नक्षी काढायचं सॉफ्टवेअर विकत घ्यायची वेळ आली, तेव्हा ती हिंमत जरा बसली.

"विकत काहून घेता, चंपतभाऊ?" शेजारचा भैयाजी म्हणाला. "माझ्या साळ्याच्या दोस्तानं कॉपी करून ठेवली आहे. फ्लॉपी आणून देतो."

"दुसऱ्याची उतरवून आणलेली चीज धड चालन का?" चंपतरावांच्या बायकोने, कुसुमताईंनी विचारलं.

चालली की! पडद्यावर कलश आले, तोरणं आली, वेलबुट्टी आली. चंपतराव हरखून गेले आणि त्यांनी तडक गोपाळराव भांडेवाल्यांना बोलावलं. गोपाळराव जिथे पत्रिका छापत, तिथेच अर्धी इतवारी छापायची. त्यांच्या मुलीची पत्रिका हातची गेली असती, तर कॉम्प्युटरवर कापड टाकून पुन्हा खिळे जुळवायची पाळी होती.

गोपाळराव खुर्चीत टेकले. पडद्यावर 'चि. सौ. कां. शामला' झळकलं. पाहता पाहता त्यातलं एक अक्षर सुटून खाली पडलं. मग दुसरं. मग श्रीगणेशासकट सगळी पत्रिकाच तळाशी येऊन ढीग झाली.

"वा, अक्षता पडून राहिल्या, बापा," गोपाळराव हळूच म्हणाले. "मले अश्शीच पत्रिका पायजे."

पण पडद्यावर पडणारी अक्षरं कागदावर मात्र सरळच उमटत. दुसऱ्या दिवशी तर मशीनच बंद पडलं. दुरुस्तीवाला म्हणाला, "चोरीच्या कॉपीतून व्हायरस आला. रोगच समजा." रोग म्हटल्यावर कुसुमताईंनी कॉम्प्युटरला कडुलिंबाची धुरी दिली, चंपतरावांनी फ्लॉपी फिनाइलने पुसली. दुरुस्तीवाल्याने कपाळाला हात लावला आणि मशीन पार कोरं करून दिलं. मग कुसुमताईंनी हट्टाने कंपनीचं असली सॉफ्टवेअर मागवलं. ते आलं, लागलं आणि झकास चाललं.

गोपाळराव व्याह्यांना घेऊन आले. "पाहा आता गंमत," म्हणाले. सगळे टक लावून बसले. एक अक्षर हललं नाही.

"चंपतराव, हे नकली दिसून राहिलं."

"हेच असली आहे जी. हा डबा पाहा, हा शिक्का पाहा."

"भोळे आहा गा तुम्ही. कोणीतरी फसवलं तुम्हाले," गोपाळराव मायेने म्हणाले. "अक्षरं पाडून द्या, नाहीतर मी दुसरीकडे पाहतो."

चंपतरावांची सगळी दिवाळी त्या खुर्चीत गेली. एकेक अक्षर उचलायचं, तिरकं करायचं, खाली आणून ठेवायचं. रोगाने जे चुटकीसरशी केलं होतं, ते असली मालाकडून करवून घेताना माणूस घामाघूम झाला. पण पत्रिका काय देखणी उतरली म्हणता! व्याह्यांनी ती कपाळाला लावली.

भैयाजी तर बराच वेळ ती हातात धरून बसला.

"चंपतभाऊ, मानलं तुम्हाले," तो म्हणाला. "ह्या असलीची एक कॉपी काढून द्या ना. साळ्याच्या दोस्तासाठी पायजे. त्याचं मशीन बंद पडून राहिलं."

चंपतरावांनी डबा कुसुमताईंकडे दिला. त्यांनी तो पदराखाली घेतला आणि भैयाजीला चहा विचारला.