बोंद्रेंचा चौथा निरोप

आमच्या कार्यालयाने बोंद्रेंना आजवर तीनदा निरोप दिला. तिन्ही वेळा शाल, श्रीफळ, भिंतीवरचं घड्याळ आणि साहेबांचं तेच भाषण. आणि तिन्ही वेळा थोड्याच दिवसांत बोंद्रे बदलीला स्थगितीचा आदेश खिशात घालून हजर! घड्याळ परत करायचा विषय ते काढत नसत. नारळाच्या वड्या मात्र डबा भरून आणत, त्यामुळे कुणाला धड रागावताही यायचं नाही.

ठाण्यातल्या या सरकारी कार्यालयात माझं टेबल त्यांच्या शेजारी. बदलीचा आदेश हातात पडला की इतरांचे चेहरे उतरतात, बोंद्रे चष्मा पुसायला घेत. लग्नपत्रिकेत आपलं नाव बरोबर छापलंय का ते बघावं, तसा तो कागद ते उजेडात धरून वाचत. मग विचारत, "मुदतीआधी बदली. ठीक. पण कारण नमूद आहे का?"

ते नसायचंच. न्यायाधिकरणात एवढा एक मुद्दा पुरायचा. वकील नुसता कोट घालून उभा राहायचा, बाकी सगळं बोंद्रेंनी त्याच्याकडून घोटून घेतलेलं असायचं.

पुढे हा प्रश्न त्यांच्या जिभेवरच बसला. शिपायाने टेबल पंख्याखालून सरकवलं, की कारण नमूद आहे का? एकदा आम्ही माजिवड्याला निघालो होतो. रिक्षावाल्याने मध्येच दुसरा रस्ता धरला, तर त्यालाही तेच. तो बिचारा म्हणाला, "पुढे जाम आहे ना साहेब." बोंद्रे समाधानाने मागे टेकले. कारण सबळ होतं.

कोपरीतल्या घरात ते आणि त्यांच्या सासूबाई, दोघंच. बायको जाऊन बरीच वर्षं झालेली, मूलबाळ नाही. सासूबाई थकलेल्या, गल्लीबाहेर नेलं की बावरून जायच्या. बोंद्रेंच्या डब्याबरोबर त्यांच्याबद्दलची एक तक्रार रोज यायची. टीव्ही मोठ्याने लावतात, आमटीत मीठ दोनदा घालतात. एकदा मी म्हटलं, मग अर्जात सरळ सासूबाईंचंच कारण द्या की.

"सासू कुटुंबाच्या व्याख्येत बसत नाही," ते म्हणाले. "आई बसते, बायको बसते. म्हणून आदेशातच चूक शोधावी लागते." आणि त्यांनी वड्यांचा डबा माझ्यापुढे सरकवला. वड्या सासूबाईंनी केलेल्या होत्या.

गेल्या हिवाळ्यात सासूबाई गेल्या. उन्हाळ्यात बदल्या निघाल्या आणि बोंद्रेंना थेट गडचिरोली. आम्ही हसलो. साहेब म्हणाले, या वेळी घड्याळबिड्याळ काही नको, येतीलच परत. नारळसुद्धा कुणी आणला नाही. शुक्रवारी बोंद्रेंनी खण रिकामा केला, दाराशी जरा घुटमळले आणि गेले. आम्ही मागून नेहमीसारखं "सोमवारी भेटू" म्हणून मोकळे झालो.

सोमवारी शिपायाने सवयीने त्यांच्या टेबलावर चहा ठेवला. तो तसाच राहिला. मंगळवारीही तेच झालं. तेव्हा मात्र मी फोन केला. बोंद्रे तिकडे रुजू झाले होते.

"अहो, स्थगितीचं काय? आदेशात कारण होतं का?"

"नव्हतं," ते म्हणाले. "पण या वेळी माझ्याकडेही नव्हतं."

इतकी वर्षं शेजारी बसून त्या वड्या खाल्ल्या, आणि एवढं साधं मला कळलं नव्हतं. मग तेच म्हणाले, "या वेळी निरोप समारंभ झाला नाही. कारण नमूद आहे का?"

"आम्हाला वाटलं, तुम्ही परत येणारच."

"चालेल," बोंद्रे म्हणाले. "हे कारण चालेल."