एकशे चौदा प्रोग्रॅमांची बेवारस फाइल

कार्यालयाच्या संगणकातील सर्व सामायिक फायलींची ओळख पटवून त्यांचे वर्गीकरण करावे, असा आदेश सोमवारी निघाला आणि ते काम माझ्या गळ्यात पडलं. माझी बायकोच्या गावी बदली मंजूर झाली होती. सात वर्षं आम्ही दोन गावांत दोन बिऱ्हाडं करून राहत होतो. बदलीचा छापील आदेश शुक्रवारी पाचच्या आत सही होऊन निघाला नाही, तर मंजुरी आपोआप रद्द. साहेब म्हणाले, "आधी वर्गीकरण, मग बदली."

सामायिक फाइल म्हणजे काय, ते कॉम्प्युटरवाल्या बाईंनी मला समजावलं. "अहो, इमारतीला एकच जिना असतो ना? प्रत्येक बिऱ्हाडाला वेगळा बांधतात का? तसंच. फाइल एक, वापरणारे प्रोग्रॅम अनेक."

"मग मालक कोण?"

"सगळेच."

साहेबांना हे पटलं नाही. "'सगळेच' असा रकाना फॉर्मात नाही," ते म्हणाले.

मी कामाला लागलो. एकाच नावाच्या तीन फायली सापडल्या, फक्त आवृत्तीचे आकडे वेगळे. साहेबांनी थोरलीला सेवानिवृत्त केलं आणि मधलीला नाव वापरल्याबद्दल ताकीद दिली. एकीची तारीख पुढच्या महिन्यातली निघाली; तिला 'अजात' या वर्गात टाकलं. बाकीच्यांना कुठला ना कुठला मालक मिळाला. उरली फक्त 'अक्षर-३२'. कागदावर नि पडद्यावर अक्षरं उमटवायची, एवढंच तिचं काम. एकशे चौदा प्रोग्रॅम तिच्यावर चालत होते.

"एकाच वेळी एकशे चौदा ठिकाणी हजर?" साहेबांच्या भुवया चढल्या. "हजेरीच्या नियमात बसत नाही."

मंगळवारी प्रत्येक टेबलावर फॉर्म गेला: 'सदर फाइल आपली आहे काय? असल्यास तिच्या सर्व चुकांची जबाबदारी स्वीकारून सही करावी.' जबाबदारी हा शब्द दिसताच सगळ्यांनी हात झटकले. आवक विभागाने लिहिलं, 'संबंध नाही.' जावक विभागाने लिहिलं, 'मुळीच नाही.' फाइल बेवारस ठरली.

गुरुवारी बाई तरातरा आल्या. "ती काढलीत तर एक अक्षर उमटायचं नाही, सांगून ठेवते!"

"तसं लेखी द्या," साहेब म्हणाले.

बाई टाइप करायला बसल्या. तेवढ्यात साहेबांनी फाइल काढून टाकली. बाईंचं पत्र छापून आलं ते कोरं करकरीत. साहेबांनी ते दोन्ही बाजूंनी पाहिलं आणि शेरा मारला, 'आक्षेप आढळला नाही.'

शुक्रवारी दुपारी माझा आदेश छापला. तोही कोरा.

"साहेब, हाताने लिहू?"

"हस्तलिखित आदेश केव्हाच बंद झाले."

"मग कोऱ्यावरच सही करा ना!"

"कोऱ्या कागदावर सही? मी नियमाचा माणूस आहे."

बाईंकडे फाइलची प्रत होती. पण ती परत ठेवायला मालकाचा अर्ज हवा. मी टेबलाटेबलाशी हात जोडत फिरलो. लोक हळहळले, पण पेन कोणी उचललं नाही. पावणेपाचला मी साहेबांसमोर ओरडलो, "मीच मालक! कुठे सही करू?"

साहेबांनी शांतपणे मंगळवारचा गठ्ठा सोडला आणि एक फॉर्म माझ्यापुढे सरकवला. खाली माझीच सही होती. वर माझ्याच अक्षरात लिहिलं होतं, 'संबंध नाही.' इतर फायलींच्या गडबडीत मी तो न वाचताच भरला होता.

पाच वाजले. बायकोला फोन करून सगळं सांगितलं. ती म्हणाली, "अहो, सही करताना वाचायचं तरी होतं." मला रडूच आलं.

हसताय ना? हसा. पण तुमच्या जिन्यातला दिवा किती दिवस बंद आहे हो? आणि तो कोणी बदलायचा?