धनेशपंतांची भरलेली चोच

बाळांनो, एका जंगलात, जिथे रेंज नव्हती पण बातम्या मात्र पोचायच्या, धनेश पक्ष्यांचं एक जोडपं राहत होतं. धनेशपंत आणि हौसाबाई.

धनेशांची रीत तुम्हाला ठाऊक आहे का? अंडी घालायची वेळ आली की बायको झाडाच्या ढोलीत शिरते आणि दार चिखलाने लिंपून घेते. उरते फक्त एक फट. तिच्यातून नवरा चोच आत घालतो आणि बायकोला भरवतो. आत तिची पिसं झडतात, उडता येत नाही. म्हणजे सगळा संसार एका चोचीच्या भरवशावर.

हौसाबाईंचा भरवसा पक्का होता. पण झाडाखाली सातभाई राहायचे. एक पक्षी बोलला की बाकीचे तेच पुढे पाठवायचे.

पंत म्हणे पलीकडच्या बेहड्याच्या ढोलीतही कुणाला तरी भरवतात. शेवटच्या भावापर्यंत बातमी पोचली, तेव्हा तिथे बारसंही उरकलं होतं.

संध्याकाळी चोच आली.

"अहो, पलीकडे कोण आहे?"

चोच गप्प. उंबर मात्र पुढे सरकलं. हौसाबाईंनी तोंड फिरवलं. चोचीने उंबर डावीकडून दिलं, उजवीकडून दिलं, शेवटी नाचवून दाखवलं.

"बोलत नाही म्हणजे खरंच आहे," असं म्हणून हौसाबाई भिंत फोडू लागल्या. खाली मुंगूस सहज म्हणून बसलं होतं.

एक ढलपा निखळला. तेव्हा पंतांनी उंबर टाकून दिलं.

"अगं थांब. घास धरून बोलू कसा? आणि टाकला तर तू उपाशी."

मग त्यांनी सगळं सांगितलं. पलीकडे कुमुदवहिनी होत्या. त्यांचे यजमान फळं आणायला गेले, ते परतलेच नाहीत. आत पिल्लं लहान. फटीतून येणारी चोच नवऱ्याचीच, असं वहिनी समजत होत्या.

"तिथे मी बोलत नाही," पंत म्हणाले. "आवाज ओळखतील."

हौसाबाईंनी भिंतीवरून चोच मागे घेतली. मग म्हणाल्या, "आधी त्यांना भरवत जा. आणि आता चिखल आणा, वारा येतोय."

सकाळी सातभाई आले. पंतांची दोन घरं आहेत, असं त्यांनी हळूच कळवलं.

"हो, मीच पाठवते," हौसाबाई म्हणाल्या.

सातांपैकी एकालाही पुढे काय पाठवावं ते सुचेना. असं त्या जंगलात पूर्वी कधी घडलं नव्हतं.

तात्पर्य: नवऱ्याने बायकोपासून काही लपवू नये. शेजारणीपासून मात्र, तिची पिल्लं उडेपर्यंत, जरूर लपवावं.